‘असलं दाखवू नका’ : एकेका मिनिटाच्या फिल्मांची जुनी गोष्ट

‘पूर्वीचा सिनेमा किती सभ्य होता’ हे वाक्य आठवड्यातून एकदा तरी कानावर येतं. टपरीवर येतं, सत्कार समारंभात येतं, पालक सभेत तर हमखास येतं. पूर्वीचा म्हणजे नेमका कधीचा, असं विचारलं की माणसं मागे मागे सरकत ‘राजा हरिश्चंद्र’पर्यंत जातात आणि थांबतात. मी म्हटलं, त्याच्याही मागे जाऊन बघू. पार सिनेमाच्या जन्मापर्यंत. आवाज नाही, गोष्ट धड नाही, एकेक फिल्म अर्ध्या-एक मिनिटाची. आणि तिथे काय सापडलं? चुंबन, गिलोटीन, देशद्रोहाचा खटला, कोर्टात हाणामारी करणारे पत्रकार. हे सगळं सिनेमाच्या पहिल्या दहा-पंधरा वर्षांतलं.

मंडळी, पोस्ट लांब आहे, आधीच सांगते. सवडीने वाचा.

सुरुवात चुंबनापासूनच करू, कारण बाकी कुठूनही केली तरी तुम्ही तिथेच येणार.

१८९६ साल. न्यूयॉर्कमध्ये ‘द विडो जोन्स’ नावाचं एक विनोदी संगीत नाटक चालू होतं. त्यात मे अर्विन आणि जॉन राईस या दोन नटांचा चुंबनाचा प्रसंग होता. नाटक रोज होत होतं, लोक रोज हसत होते, कुणाची तक्रार नव्हती. ‘न्यूयॉर्क वर्ल्ड’ नावाच्या पेपरला कल्पना सुचली की हा प्रसंग एडिसनच्या कॅमेऱ्यासमोर करून घ्यावा आणि त्यावर रविवारच्या अंकात चित्रांसकट मोठा लेख टाकावा. म्हणजे पडद्यावरच्या पहिल्या गाजलेल्या चुंबनामागे पेपरवालेच होते. आमच्या धंद्याची ही खोड तेव्हापासूनची आहे.

एप्रिलमध्ये एडिसनच्या स्टुडिओत विल्यम हाइसने ती फिल्म घेतली. जेमतेम वीसेक सेकंदांची. बाई तिशीतल्या, बुवा चाळिशीकडे झुकलेले, दोघेही अंगाने भरलेले. बराच वेळ ते गालाला गाल लावून काहीतरी बोलत राहतात. मग बुवा मिशा सारख्या करतात आणि चुंबन घेतात. संपलं. आजच्या साबणाच्या जाहिरातीत याहून जास्त असतं.

पण ती पडद्यावर आल्यावर शिकागोच्या एका नियतकालिकाने तोंड वाकडं केलं. त्यांचं म्हणणं असं की रंगमंचावर माणसाच्या मापाचं होतं तेव्हाच ते काही बरं दिसत नव्हतं. आता एवढं मोठं करून दाखवलं तर किळस येते, पोलिसांनीच लक्ष घालावं. यातला ‘मोठं करून’ हा भाग मला महत्त्वाचा वाटतो. नाटकात शेवटच्या रांगेतल्या माणसाला दोन लहानशी डोकी जवळ आलेली दिसायची. पडद्यावर त्याच पैशात ओठ दिसले. प्रसंग तोच, नट तेच. बदललं ते अंतर.

या टीकेचं पुढे फार मोठं केलं गेलं. चुंबनामुळे अमेरिका हादरली वगैरे तुम्ही कुठेतरी वाचलं असेल. प्रत्यक्षात एडिसनच्या त्या वर्षीच्या फिल्मांत सगळ्यात जास्त चाललेली हीच. लोक पुन्हा पुन्हा बघत होते आणि हसत होते. दोन गोरी, मध्यमवयीन, नावाजलेली माणसं खेळीमेळीत एकमेकांचा मुका घेतायत, हे अमेरिकेला सहज पचलं.

न पचणारं चुंबन दोन वर्षांनी आलं, आणि त्याबद्दल ओरडादेखील झाला नाही. ते सरळ विसरलं गेलं.

१८९८ मध्ये शिकागोत विल्यम सेलिग नावाच्या निर्मात्याने ‘समथिंग गुड’ नावाची अर्ध्या मिनिटाची फिल्म काढली. सेंट सटल आणि गर्टी ब्राऊन हे दोघं कृष्णवर्णीय कलाकार, पेशाने नाचणारे-गाणारे. ती दोघं एकमेकांना जवळ घेतात, चुंबन घेतात, हसत मागे सरकतात, हात धरून झुलवतात, परत जवळ येतात. मी ही फिल्म पाच-सहा वेळा बघितली. अर्विन-राईसच्या फिल्ममध्ये नाटकीपणा आहे, ‘बघा हं, आता घेतो’ असा. इथे तसं काही नाही. दोन माणसं एकमेकांवर खूश आहेत एवढंच दिसतं.

त्या काळात अमेरिकेच्या रंगमंचावर काळा माणूस म्हणजे बहुधा तोंडाला काजळी फासलेला गोरा नट, डोळे गरगर फिरवणारा, कलिंगड चोरणारा. १८९६ मध्येच तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने ‘वेगळे पण समान’ म्हणत रेल्वेच्या डब्यातली वर्णाची भिंत कायदेशीर ठरवली होती. अशा वेळी काळ्या नवरा-बायकोने किंवा प्रियकर-प्रेयसीने पडद्यावर सरळपणे प्रेम करणं, त्यात थट्टा नाही, नक्कल नाही, ही खरी निषिद्ध गोष्ट होती. ही फिल्म जवळजवळ १२० वर्षं कुणाच्या खिजगणतीत नव्हती. दक्षिण कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या संग्रहपालाला जुन्या रिळांत ती सापडली, शिकागो विद्यापीठातल्या अभ्यासक बाईंनी शोध घेऊन नावं पटवली आणि २०१८ च्या डिसेंबरात अमेरिकेने ती आपल्या राष्ट्रीय फिल्म नोंदवहीत घेतली.

याच्या शेजारी एडविन पोर्टरची १९०३ ची ‘व्हॉट हॅपन्ड इन द टनेल’ ठेवून बघा. रेल्वेचा डबा. एक गोरी बाई, शेजारी तिची काळी मोलकरीण, मागे एक आगाऊ तरुण. तो बाईशी लगट करतो. गाडी बोगद्यात शिरते, पडदा पूर्ण काळा होतो. उजेड येतो तेव्हा तो मोलकरणीचं चुंबन घेत असतो; दोघींनी अंधारात जागा बदललेल्या. दोघी हसतात, तो पेपरात तोंड खुपसतो. वर वर बघता टवाळाची चांगली जिरवली. आपल्या एसटीत असं घडलं असतं तर मीही टाळी वाजवली असती. पण विनोद चालतो कशावर? काळ्या बाईचं चुंबन घ्यावं लागणं हीच त्याची फजिती, हे प्रेक्षकाने गृहीत धरलंय म्हणून तो चालतो. ही फिल्म बिनबोभाट विकली गेली.

आता फ्रान्सकडे वळते. माझ्या मते या सगळ्यात मोठी गोष्ट तिथली आहे.

आल्फ्रेड ड्रेफस हा फ्रेंच तोफखान्यातला कॅप्टन. ज्यू. १८९४ मध्ये त्याच्यावर जर्मनीला लष्करी माहिती विकल्याचा आरोप ठेवला गेला. पुरावा काय, तर एका चिठ्ठीवरचं अक्षर. लष्करी कोर्टाने त्याला दोषी ठरवलं, जानेवारी १८९५ मध्ये सैनिकी शाळेच्या पटांगणात सगळ्यांसमोर त्याच्या वर्दीवरच्या पट्ट्या उपटल्या, तलवार मोडली आणि दक्षिण अमेरिकेच्या किनाऱ्यावरच्या डेव्हिल्स आयलंड नावाच्या खडकावर नेऊन टाकलं. पुढे कर्नल पिकार या लष्करातल्याच अधिकाऱ्याच्या लक्षात आलं की अक्षर दुसऱ्याच अधिकाऱ्याचं, एस्तेराझीचं आहे. तर पिकारचीच दूर बदली झाली आणि एस्तेराझी जानेवारी १८९८ मध्ये निर्दोष सुटला. दोन दिवसांनी, १३ जानेवारीला, कादंबरीकार एमिल झोलाने ‘लोरोर’ या दैनिकात राष्ट्राध्यक्षांना उघडं पत्र लिहिलं. ‘मी आरोप करतो’ हा त्याचा मथळा. मथळा झोलाचा नव्हता, तो त्या दैनिकात काम करणाऱ्या जॉर्ज क्लेमांसोने दिला. हे नाव लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

(त्याच महिन्यात आपले टिळक ‘केसरी’तल्या लिखाणासाठी राजद्रोहाची शिक्षा भोगत तुरुंगात होते. झोलाला दीड महिन्यात शिक्षा झाली आणि पुढे तो इंग्लंडला पळाला. दोन देश, दोन पेपर, एकच वर्ष. सहज आठवलं म्हणून लिहिलं.)

फ्रान्समध्ये या प्रकरणाने घरं फुटली. सासरे-जावई बोलेनासे झाले, मित्रांनी मैत्री तोडली, रस्त्यावर ज्यूंची दुकानं फोडली गेली. जेवणाच्या टेबलावर हा विषय काढायचा नाही, असा दंडक लोकांनी आपापल्या घरात घातला. निषिद्ध विषय म्हटलं की आपल्याला कपडे आठवतात. इथे निषिद्ध होतं ते एका माणसाचं आडनाव.

पडद्यावर हे आडनाव पहिल्यांदा आलं ते मात्र चक्क थापेतून. लुमिएर बंधूंचा एक तरुण ऑपरेटर होता, फ्रान्सिस डूब्लिए. १८९८ मध्ये तो दक्षिण रशियात खेळ दाखवत फिरत होता. त्या भागात ज्यू वस्ती मोठी. लोक विचारायचे, सगळं दाखवता, मग ड्रेफस का नाही? याच्याकडे ड्रेफसचं एक इंचही चित्रण नव्हतं. मग त्याने डोकं चालवलं. फ्रेंच सैन्याच्या संचलनाची एक फिल्म होती, त्यात पुढे एक कॅप्टन चालत होता. पॅरिसच्या एका मोठ्या इमारतीची एक होती. एका जहाजाकडे जाणाऱ्या लहान बोटीची एक होती. आणि नाईल नदीच्या मुखाची एक. ही चार तुकडे त्याने जोडली आणि तोंडाने सांगत गेला : हा बघा अटकेआधीचा ड्रेफस, ही कोर्टाची इमारत, ही त्याला घेऊन जाणारी बोट, आणि हे दूरवर दिसतंय ते बेट. लोक रडले म्हणे. एका म्हाताऱ्याने मात्र तारखा विचारल्या. अटक १८९४ ची, आणि तुमचं हे यंत्र कधी निघालं? डूब्लिएने खेळ आवरता घेतला. हा किस्सा त्याने स्वतःच पुढे सांगितला.

सिनेमा तीन वर्षांचाही नव्हता आणि ‘सदर व्हिडिओ त्याच घटनेचा असल्याचा दावा’ सुरू झाला होता. गेल्या वर्षी आमच्या तालुक्यात तणाव झाला तेव्हा मोबाईलवर फिरलेला दगडफेकीचा व्हिडिओ भलत्याच राज्यातला होता. आपल्याकडेही असा तारखा विचारणारा एखादा म्हातारा असता तर बरं झालं असतं.

पुढच्या वर्षी जॉर्ज मेलिएस आला. चंद्राच्या डोळ्यात रॉकेट घुसतं ते चित्र तुम्ही पाहिलंय ना, तोच. मूळचा जादूगार, पॅरिसमध्ये स्वतःचं जादूचं थिएटर, मोंत्रॉय गावात काचेचा स्टुडिओ. माणसाचं डोकं काढून टेबलावर ठेवणं, बाई गायब करणं, असल्या करामती हा त्याचा धंदा. तरुणपणी त्याने राजकीय व्यंगचित्रंही काढली होती. या माणसाने १८९९ मध्ये एकही जादू न वापरता ‘ड्रेफस प्रकरण’ उभं केलं. अकरा लहान फिल्मा, बहुतेक एकेका मिनिटाच्या, सगळ्या मिळून तेराएक मिनिटं. त्या वेळी रेन गावात ड्रेफसचा फेरखटला चालू होता. म्हणजे निकाल लागायचाय, पेपरात रोज बातम्या येतायत, आणि इकडे स्टुडिओत तेच प्रसंग नट करून दाखवतायत. ड्रेफससारखा दिसणारा एक लोखंडकाम करणारा माणूस शोधून त्याला वर्दी चढवली. ड्रेफसचा वकील लाबोरी स्वतः मेलिएसने केला.

प्रसंग बघा कसे निवडलेत. पहिल्यात अधिकारी ड्रेफसकडून चिठ्ठी लिहून घेतो, अक्षर बघून अटक करतो आणि समोर पिस्तूल ठेवतो. स्वतःच प्रश्न मिटव, असा अर्थ. ड्रेफस नाकारतो. एकात बेटावर त्याला रात्री पलंगाशी बेड्या ठोकतात. एकात कर्नल आंरी तुरुंगात गळा कापून घेतो. हा आंरी म्हणजे ड्रेफसविरुद्धचा बनावट कागद तयार करणारा. ऑगस्ट १८९८ मध्ये पकडला गेला आणि दुसऱ्या दिवशी त्याने आत्महत्या केली. एकात ड्रेफसला वादळी रात्री फ्रान्सच्या किनाऱ्यावर उतरवतात, विजा चमकतात. मग रेनच्या तुरुंगात बायकोची भेट, चार वर्षांहून अधिक काळाने. एकात लाबोरीला रस्त्यात पाठीमागून गोळी घालतात. ती गोळी खरोखर १४ ऑगस्ट १८९९ ला घातली गेली होती, आणि काही आठवड्यांत ती पडद्यावर होती. लाबोरी वाचला, आठवड्याभराने कोर्टात परत उभा राहिला.

यात मेलिएस कुणाच्या बाजूचा होता हे लपलेलं नाही. त्याचा ड्रेफस ताठ चालतो, आरडाओरडा करत नाही, भीक मागत नाही. एकाही प्रसंगात तो हेरासारखा वागत नाही. पाटी नाही, संवाद नाही, तरी भूमिका कळते.

माझ्या आवडीचा तुकडा मात्र पत्रकारांचा. कोर्टाची खोली, बातमीदार येऊन बसतायत. ‘ल गोल्वा’चा संपादक आर्थर मेयर आणि ‘ला फ्रोंद’ची सेव्हरीन यांची जुंपते. मेयर स्वतः ज्यू घरात जन्मलेला, पण ड्रेफसच्या विरोधातला, राजेशाहीवादी. सेव्हरीन ड्रेफसच्या बाजूची. ‘ला फ्रोंद’ हे बायकांनी चालवलेलं दैनिक. संपादक बाई, बातमीदार बायका, खिळे जुळवणाऱ्याही बायका. १८९७ सालची गोष्ट सांगतेय. आमच्या जिल्ह्यात आज पत्रकार संघाच्या बैठकीला मी धरून तीन बायका असतात आणि प्रास्ताविकात ‘बंधूंनो’च म्हणतात, ते सोडा. तर फिल्ममध्ये बघता बघता काठ्या, छत्र्या उगारल्या जातात, कागद उडतात, पोलीस येतात आणि सगळी गर्दी थेट कॅमेऱ्याच्या अंगावर धावत येऊन बाजूने निघून जाते. त्या काळात फिल्मा नाटकासारख्या समोरून, लांबून घ्यायचे. इथे माणसं प्रेक्षकाच्या दिशेने येतात. मेलिएसला पत्रकारांबद्दल फार आदर होता असं दिसत नाही. पण आमची एवढी खरी फिल्म मी दुसरी बघितली नाही.

या फिल्मा कुठे दाखवल्या जायच्या? तेव्हा थिएटरं नव्हती. जत्रेतले तंबू, नाटकगृहं, कॅफे. आपल्याकडे यात्रेत तंबू टॉकीज लागायचं तसं. अकरा फिल्मा सुट्ट्या विकत मिळायच्या, खेळवाल्याने हव्या त्या घ्याव्यात. मेलिएसने पुढे सांगितलं की या फिल्मांवरून प्रेक्षकांत हाणामाऱ्या झाल्या. पडद्यावर पत्रकार मारामारी करतायत आणि खाली बाकांवर प्रेक्षक. रेनच्या कोर्टाने ९ सप्टेंबर १८९९ ला ड्रेफसला पुन्हा दोषी ठरवलं, दहा दिवसांनी राष्ट्राध्यक्षांनी माफी दिली, आणि पूर्ण निर्दोष सुटायला १९०६ उजाडलं. विषय एवढा जखमी राहिला की फ्रान्समध्ये ड्रेफसवर सिनेमा काढणं पुढेही सोपं नव्हतं.

आता क्लेमांसो.

‘मी आरोप करतो’ असा मथळा देणारा हा संपादक १९०६ मध्ये फ्रान्सचा पंतप्रधान झाला. गृहखातंही त्याच्याचकडे. त्याच वर्षी फ्रान्समध्ये नाटकांची सेन्सॉरशिप संपली. नाटक कला म्हणून मोकळं झालं. सिनेमा मात्र कायद्याच्या लेखी ‘कुतूहलाचे खेळ’ या जुन्या सदरात होता. बाहुल्या, जनावरांचे खेळ, जत्रेतले तमाशे यांच्या रांगेत. त्याला परवानगी गावच्या महापौराची. म्हणजे आपल्या भाषेत नगराध्यक्षाने नाही म्हटलं की पडदा गुंडाळा.

१९०८ च्या डिसेंबरात फ्रेंच संसदेने फाशी रद्द करण्याचा प्रस्ताव फेटाळला. त्याआधी काही वर्षं राष्ट्राध्यक्ष फालिएर प्रत्येक फाशी माफ करत आले होते, त्यामुळे गिलोटीन गंजत पडलं होतं. आता ते बाहेर निघालं. ११ जानेवारी १९०९ ला उत्तर फ्रान्समधल्या बेत्यून गावात पोले टोळीच्या चौघांची डोकी एकापाठोपाठ उडवली गेली. बंद तुरुंगात नाही. रस्त्यावर, पहाटे, गर्दीसमोर. लोक आदल्या रात्रीपासून जागा धरून होते. कायद्याने फाशी सार्वजनिकच असायची, कारण लोकांना दहशत बसली पाहिजे.

तिथे सिनेमावाले कॅमेरे घेऊन पोचले. आणि त्याच दिवशी गृहखात्याकडून सगळ्या जिल्ह्यांच्या प्रमुखांना आदेश सुटला की या फाशीचं चित्रण पडद्यावर दाखवू द्यायचं नाही, सार्वजनिक शांतता बिघडेल. फ्रान्समधली सिनेमाची सेन्सॉरशिप या कागदापासून सुरू झाली असं तिथले इतिहासकार मानतात. खातं क्लेमांसोचं.

बरं, गिलोटीन पडद्यावर नवं होतं असंही नाही. १९०१ मध्ये पाथे कंपनीसाठी फर्डिनांड झेका याने ‘एका गुन्ह्याची कथा’ केली होती. खून, अटक, कोठडीत गुन्हेगाराला पडणारी स्वप्नं, आणि शेवटी गिलोटीन. पाच-सहा मिनिटांची, खूप चाललेली. नट होते, खोटं डोकं होतं. बेत्यूनला डोकं खरं होतं आणि दाखवलं असतं तर शेकडो मैलांवरच्या माणसाने आरामात बसून, तिकीट काढून, हवं तर दोनदा बघितलं असतं. आणि विचार केला असता. आठ डिसेंबरला संसदेत जो वाद झाला त्याचा निकाल नेमका कसा दिसतो, हे त्याला दिसलं असतं. चौकात बघणाऱ्याला दहशत बसते असं सरकार म्हणत होतं. मग पडद्यावर बघणाऱ्याला काय होईल याची भीती होती?

इथे मला एक फोटो आठवतो. बारा-तेरा वर्षांपूर्वी मी एका दैनिकाला बातम्या द्यायची. कर्ज थकलेल्या शेतकऱ्याचं घर जप्त झालं, सामान अंगणात काढलं होतं, आणि त्या ढिगावर त्याची म्हातारी आई ताट मांडीवर घेऊन जेवत होती. तो फोटो मी पाठवला. फोन आला, बाई, लोक सकाळी चहाबरोबर पेपर वाचतात, असलं दाखवू नका. जप्तीची बातमी मात्र छापून आली, आकड्यांसकट. जप्ती चालली, आकडा चालला. ताट चाललं नाही.

फ्रान्सची गोष्ट पूर्ण करते. चौकातल्या फाशी पुढे तीस वर्षं चालू राहिल्या. १७ जून १९३९ ला व्हर्सायमध्ये वाइडमन नावाच्या खुन्याला गिलोटीनखाली दिलं, तेव्हा कुणीतरी वरच्या खिडकीतून गुपचूप चित्रण केलं. फोटोही छापून आले. आठवड्याभरात सरकारने सार्वजनिक फाशी बंद केली. फाशी नाही हं, सार्वजनिक फाशी. गिलोटीन तुरुंगाच्या भिंतीआड गेलं आणि १९७७ पर्यंत चाललं.

आपल्याकडे काय झालं ते थोडक्यात. ७ जुलै १८९६ ला मुंबईत वॉटसन हॉटेलात लुमिएरचा पहिला खेळ झाला, तिकीट एक रुपया. आठवड्याभरात नॉव्हेल्टी थिएटरात खेळ गेले, तिथे चार आण्यांपासून तिकिटं आणि पडदानशीन बायकांसाठी वेगळे बॉक्स. म्हणजे कोण काय बघणार याची बैठकव्यवस्था पहिल्या महिन्यातच ठरली. १९०५ मध्ये कलकत्त्यात हिरालाल सेनने वंगभंगाविरुद्धच्या सभेचं चित्रण केलं. राज्यकर्त्यांना नको असलेला आपल्याकडचा विषय पडद्यावर आला तो असा. १९१७ मध्ये त्याच्या साठ्याला आग लागली आणि सगळं गेलं.

आणि सभ्य ‘राजा हरिश्चंद्र’? १९१३ मध्ये आपल्याकडे बाईने कॅमेऱ्यासमोर येणं हेच निषिद्ध होतं. फाळक्यांनी वेश्यावस्तीतही विचारून पाहिलं, नकार मिळाला, शेवटी तारामती झाली ती साळुंके नावाच्या उपाहारगृहातल्या तरुणाकडून. त्या सिनेमात हौदात ओल्या साड्यांतल्या बायकांचा प्रसंग आहे, हे ‘पूर्वीचा सिनेमा’वाल्यांना माहीत नसतं. फक्त त्या सगळ्या बायका बाप्ये आहेत, त्यामुळे संस्कृती शाबूत. त्याच वर्षी ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमला पडद्यावर आल्या. त्या दोघींवर खरं तर वेगळी पोस्ट लिहायला हवी.

इंग्रजांनी १९१८ मध्ये सिनेमाचा कायदा केला, १९२० मध्ये मुंबई, कलकत्ता, मद्रास आणि रंगूनला सेन्सॉर मंडळं बसवली. पुढच्याच वर्षी कोहिनूर कंपनीचा ‘भक्त विदुर’ आला. विदुर खादी आणि टोपीत, थेट गांधीजींसारखा दिसणारा. मद्रास आणि कराचीत बंदी. महाभारताला कोण हरकत घेणार? हरकत टोपीला होती.

१९२७ मध्ये सरकारने रंगाचारियार समिती नेमली. एक मोठी काळजी अशी होती की अमेरिकन सिनेमांत गोऱ्या बायका कमी कपड्यांत, चुंबनं देताना दिसतात, आणि हे हिंदुस्थानी माणूस बघतो. मग साहेबाचा धाक कसा राहणार? लंडनमध्ये, न्यूयॉर्कमध्ये तेच चुंबन निर्धोक होतं. सोलापुरात चार आण्याच्या बाकावर बसून बघितलं की साम्राज्याला धोका. समितीने ३५३ साक्षी नोंदवल्या आणि १९२८ च्या अहवालात ही भीती मान्य केली नाही. गंमत म्हणजे तेव्हाच्या हिंदुस्थानी मूकपटांत चुंबनं होती. १९२९ च्या ‘अ थ्रो ऑफ डाइस’मध्ये सीतादेवी आणि चारू रॉय यांचं आहे, कुणी पडदा जाळला नाही. स्वतंत्र झाल्यावर मात्र आपण दोन फुलं एकमेकांवर आपटायला लागलो.

यातल्या बऱ्याच फिल्मा आज मोबाईलवर फुकट दिसतात. ‘ड्रेफस’चे बहुतेक भाग आहेत, ‘समथिंग गुड’ आहे, बोगद्याची आहे. सगळं मिळून पाऊण तास पुरे. घरात मुलांसोबत बघायला काही हरकत नाही, झेकाची गिलोटीनवाली तेवढी आधी स्वतः बघा. आणि पत्रकारांची हाणामारी बघताना माणसं कॅमेऱ्याच्या दिशेने धावत येतात तेव्हा नजर मागच्या बाजूला ठेवा. पुढे सगळे पळतायत म्हणून आपण त्यांच्याकडेच बघत बसतो.